चिमणीचा सोलो

१

टेप फिरत होती आणि तिच्यातून नुसती खरखर येत होती.

तुतारीबाईंनी आवाज वाढवला. खरखरही वाढली. त्यांनी टेप पुढे पळवली, मागे आणली, मधूनच लावून पाहिली. पहिल्यापासून शेवटपर्यंत तीच खरखर. मग यंत्रच बिघडलं असेल म्हणून त्यांनी कपाटातली दुसरी एक टेप चढवली, तर ती लख्ख वाजायला लागली.

"आत्या, चहा," म्हणत पुतणी आत आली.

"ठेव तिथे. आणि दार लावून घे. आपल्या घरात चोरी झालीय."

पुतणीने आधी खिडकीकडे पाहिलं, मग आत्याकडे. आत्या सत्तरी ओलांडलेली, केस पांढरेशुभ्र, पण नाकावरचा राग अजून विशीतला. तो राग आज दिसत नव्हता, म्हणून पुतणी घाबरली.

या बाईंचं 'तुतारीबाई' हे नाव मूळचं त्यांचं नव्हे. तरुणपणी त्या वर्तमानपत्रात लागल्या, तेव्हा संपादकांनी त्यांच्या हाती पाककृतींचं सदर दिलं. बाईंनी पहिल्याच आठवड्यात एका हॉटेलात ऐकलेल्या ट्रम्पेटवाल्यावर लेख लिहून दिला. संपादक भर कचेरीत हसून म्हणाले, "या आमच्या तुतारीबाई." पुढचा लेख बाईंनी त्याच नावाने सही करून दिला. संपादक गेले, कचेरी गेली, नाव राहिलं. जॅझ म्हणजे हॉटेलातला गोंगाट, त्यावर काय लिहायचं, असं जे जे म्हणाले, त्यांची मुलं आता बाईंची पुस्तकं चाळून परीक्षांची उत्तरं लिहितात.

आणि आज चार वाजता प्रकाशकाच्या कचेरीत बाई ही टेप ऐकवणार होत्या.

'बादशहा' म्हणून जो ट्रम्पेटवादक ओळखला जायचा, त्याच्या सगळ्यात गाजलेल्या रेकॉर्डमधला सोलो, एकट्या ट्रम्पेटचा तो तुकडा, म्हणजे या शहराच्या जॅझचं शिखर, असं सगळे मानतात. असं सगळ्यात आधी लिहिलं ते बाईंनीच, आपल्या पहिल्या पुस्तकात. पण रेडिओचं जुनं गोदाम पाडताना निवृत्त ध्वनिमुद्रक रीळमास्तरांनी कचऱ्यातून काही टेपा वाचवल्या, आणि त्यांतली एक बाईंनी ऐकली. त्याच गाण्याच्या तालमीची. तिच्यात बादशहाचा आवाज स्वच्छ ऐकू येतो: "माझा ओठ फाटलाय. चिमणे, रेकॉर्डवर तूच वाजव. नाव माझंच राहील." आणि मग ट्रम्पेट सुरू होतो.

चिमणी म्हणजे बँडमध्ये पियानो वाजवणारी आणि बादशहाचं ऐकून ऐकून ट्रम्पेटही शिकलेली पोरगी. तिचं नाव कुठल्याही रेकॉर्डवर नाही, कुठल्याही पुस्तकात नाही, बाईंच्याही नाही. नव्या पुस्तकात तिच्यावर अख्खं प्रकरण होतं. टेप ऐकून खात्री पटली तर प्रकरण छापायचं, नाही पटली तर गाळायचं, असं प्रकाशकाने स्पष्ट सांगितलं होतं.

"टेप जुनी आहे, आपोआप पुसली गेली असेल," पुतणी म्हणाली. मग जरा चाचरत, "किंवा तुझ्याच हातून चुकून…"

"हेच. संध्याकाळी सगळं गाव हेच म्हणणार. म्हातारीला भास झाला, ऐकू न येणारं ऐकू आलं. ज्याने हे केलं त्याला तेच हवंय." बाईंनी खोका उचलला. खोका तोच, वरचं अक्षर त्यांचंच. "पण त्याने एक चूक केली. मघाशी उघडला तेव्हा लाल पट्टी बाहेर होती."

२

रीळमास्तरांचं घर म्हणजे यंत्रांचं इस्पितळ. खुर्चीवर बसायचं तर आधी तिच्यावरचा एखादा रेडिओ उचलावा लागे. बाई उभ्याच राहिल्या.

"टेपच्या सुरुवातीला हिरवी पट्टी, शेवटाला लाल. बरोबर?"

"हे तुम्ही मला विचारताय?"

"मी टेप ऐकून झाली की नेहमी उलटी गुंडाळून ठेवते. म्हणजे हिरवी पट्टी बाहेर."

"आणि मी तुमच्याशी तीस वर्षं त्यावरून भांडतोय," मास्तर म्हणाले. "टेप पडून राहिली की एका वेढ्याचा आवाज शेजारच्या वेढ्यावर उमटतो. सुरुवात बाहेर ठेवली तर गाणं सुरू व्हायच्या आधीच त्याचं भूत ऐकू येतं. शेवट बाहेर ठेवला की भूत मागून येतं, गाण्यात झाकलं जातं. रेडिओवाला माणूस ऐकलेली टेप कधी उलटी गुंडाळत नाही. तुमच्यापुढे मी हात टेकले."

"आज लाल पट्टी बाहेर होती."

मास्तरांना अर्थ कळायला वेळ लागला नाही. त्यांचा चेहरा उतरला, आणि मग लालबुंद झाला. गेल्या आठवड्यात बाईंच्या यंत्राला तेल घालायला तेच आले होते.

"म्हणजे तुमचा माझ्यावर संशय आहे."

"होता. जिना चढेपर्यंत."

"अहो, मी चोरली असती तर तुमच्या वाईट पद्धतीनेच गुंडाळून ठेवली असती. ती खोड माझ्याइतकी कुणाला माहीत आहे?"

"म्हणूनच म्हटलं, जिना चढेपर्यंत." बाईंनी खोका पुढे केला. "आता राग गिळा आणि ही बघा."

मास्तरांनी टेप हातात घेतली, बोटांत चोळली, उजेडात धरली, नाकाशी नेली. मग त्यांचा आवाज बदलला.

"ही पुसलेली नाही, बाई. ही कोरीच आहे. आणि तुमच्या टेपहून किती तरी नवी. टोकांना पट्ट्या नीट जोडल्यात, तिरका काप देऊन. तुमची टेप कुणीतरी काढून नेलीय, आणि तिच्या जागी ही ठेवलीय."

बाईंनी खुर्चीवरचा रेडिओ खाली ठेवला आणि त्या बसल्या. टेप शाबूत होती. निदान असू शकत होती.

"नक्कल करून ठेवा म्हणून किती वेळा सांगितलं," मास्तर पुटपुटले.

"नक्कल झाली की ती बाजारात गेलीच म्हणून समजा. मला ती आधी पुस्तकात हवी होती. ते राहू द्या. हे तिरके काप, ही लाल पट्टी, हे सगळं तुम्ही कुणाला शिकवलंत? माझ्या घरी येणाऱ्यांपैकी?"

मास्तरांनी टेप खोक्यात परत ठेवली. मग नाइलाजाने म्हणाले, "दोघांना. एक बादशहाचा मुलगा. आणि दुसरा… तुम्हीच चिठ्ठी देऊन पाठवला होता ना?"

३

गेल्या आठवड्यात मास्तरांशिवाय आणखी तिघे जण बाईंकडे येऊन गेले होते, आणि तिघांनाही खोलीत बसवून बाई चहाला आत गेल्या होत्या. एक प्रकाशक. त्याला मुखपृष्ठासाठी खोक्याचा फोटो हवा होता. पण त्या गृहस्थाला पेन्सिलीला टोक करता येत नाही, तो टेपला तिरका काप कुठला देणार. त्याला बाईंनी यादीतून काढलं.

उरले दोन. बादशहाचा मुलगा, ज्याला सगळे धाकटे बादशहा म्हणतात. आणि बाईंचा पट्टशिष्य, त्यांनीच चिठ्ठी देऊन मास्तरांकडे धाडलेला.

धाकट्या बादशहांचं वाद्यांचं दुकान वाटेवरच होतं. ते काउंटरमागे एका ट्रम्पेटच्या चाव्या पुसत होते. स्वतःही वाजवायचे, बरं वाजवायचे, आणि 'वडिलांसारखं नाही' हे वाक्य त्यांनी आयुष्यभर ऐकलं होतं.

"आलात?" ते म्हणाले. "मी येणार आहे चार वाजता. वकिलालाही कळवून ठेवलंय."

"टेपच नसेल तर वकील काय करील?"

त्यांनी चाव्या पुसणं थांबवलं. "टेप नाही?"

"मी नुसतं विचारलं."

"हे बघा बाई, मला तुमची टेप चोरायची असती तर वकिलाचे उंबरठे कशाला झिजवले असते? माझा बाप चोर होता असं तुम्ही लिहिताय. मी तुम्हाला चारचौघांत खोटं पाडणार आहे. लपूनछपून नाही." बोलताना त्यांनी पुसायचं फडकं काउंटरवर आपटलं. रागाने की भीतीने, ते बाईंना ठरवता येईना.

पट्टशिष्याचा फोन त्या घरी पोचायच्या आतच येऊन गेला होता. हा शिष्य आता मोठा समीक्षक झाला होता. बादशहाच्या त्या एका सोलोवर त्याने अख्खं पुस्तक लिहिलं होतं, आणि ते कॉलेजात लावलं होतं. बाईंनी उलट फोन केला, तर आवाजात साखर.

"बाई, तब्येत कशी आहे? आजचं पुढे ढकलायचं का? या वयात दगदग नको. आणि खरं सांगू, टेपचं काही खरं नसतं. जुन्या टेपा दगा देतात."

"तू ऐकली आहेस का ती?"

"मी कुठून ऐकणार? तुम्ही कुणाला हातही लावू देत नाही."

फोन ठेवून बाई खोका पुन्हापुन्हा उघडून बघत बसल्या. पुतणीला राहवेना. "सरळ सांगून टाक ना सगळ्यांना. लाल पट्टी, कोरी टेप."

"एका पट्टीवर कोण विश्वास ठेवणार? दोघेही म्हणतील, बाईंनीच ठेवली असेल."

"मग?"

"मग असं बघ. ज्याने नेली त्याने ती ऐकली असणारच. हातात आलेली अशी टेप न ऐकता ठेवील असा जॅझवाला अजून जन्माला यायचाय. आणि एकदा ऐकली की ती त्याच्या डोक्यातून जाणार नाही, माझ्या गेली का?" बाई उठल्या, आणि कितीतरी तासांनी त्यांच्या नाकावर तो ओळखीचा राग आला. "माझी साडी काढ. आणि ती कोरी टेप खोक्यात नीट घाल. आपण चारला जातोय."

४

प्रकाशकाच्या टेबलावर यंत्र मांडून तयार होतं. एका बाजूला धाकटे बादशहा हाताची घडी घालून, दुसऱ्या बाजूला पट्टशिष्य, चेहऱ्यावर आजारी माणसाला भेटायला आल्यासारखी काळजी. पुतणी दाराशी बसली. प्रकाशक पोटाच्या गोळ्या चघळत होता. दरवेळी नवं पुस्तक निघताना त्याचं पोट बिघडतं.

बाईंनी खोका समोर ठेवला, पण उघडला नाही.

"टेप लावण्याआधी मूळ रेकॉर्ड कशी आहे त्याची आठवण करून देते," त्या म्हणाल्या. "म्हणजे फरक कळेल."

"अहो, ती कुणाला पाठ नाही?" प्रकाशक म्हणाला.

"तुम्हाला नाही."

ते खरंच होतं, म्हणून प्रकाशकाने आणखी एक गोळी तोंडात टाकली.

बाईंनी बोटाने टेबलावर ठेका धरला आणि तो सोलो गुणगुणायला लागल्या. आवाज फुटलेला, पण सूर जागच्या जागी. सोलो हळूहळू तापत जातो, आणि मधोमध एक जागा येते, जिथे सूर एकाच ठिकाणी घोटाळत राहतो, आता काहीतरी होणार असं वाटायला लावतो. बाई तिथपर्यंत आल्या, आणि थांबल्या. ठेका मात्र चालू ठेवला. दुसऱ्या हाताने त्यांनी पाण्याचा पेला उचलला आणि सावकाश पाणी प्यायला लागल्या.

खोलीत नुसता ठेका. जॅझवाल्याला अर्धवट सोडलेली ओळ म्हणजे दातात अडकलेली काडी. ती काढल्याशिवाय त्याला चैन पडत नाही. ही खोड मेल्याशिवाय जात नाही, हे बाईंना स्वतःवरून ठाऊक होतं.

धाकट्या बादशहांच्या ओठांतून नकळत ओळ सुटली. सूर उसळून वर गेला, अगदी रेकॉर्डवर जातो तसा.

त्याच क्षणी दुसऱ्या बाजूने पट्टशिष्यही गुणगुणला. मान डोलावत, डोळे मिटून. त्याचा सूर वर गेला नाही. तो किंचित अडखळला आणि तीन पायऱ्या घसरत खाली आला.

बाईंनी पेला ठेवला. ठेकाही थांबवला.

"काय म्हणालास?"

पट्टशिष्याने डोळे उघडले. "कुठे काय?"

"चुकीचं आहे ते," धाकटे बादशहा म्हणाले. त्यांना अजून काही कळलं नव्हतं, ते नुसते चिडले होते. "तिथे सूर वर जातो. माझ्या वडिलांच्या सगळ्या रेकॉर्डी मी जन्मापासून ऐकतोय. अशी घसरण कशावरही नाही."

"कशावरही?"

"कशावरही नाही."

"एका ठिकाणी आहे," बाई म्हणाल्या. "माझ्या टेपवर. आणि ती याने कधी ऐकलेली नाही. दुपारीच मला सांगितलंन."

प्रकाशकाने चघळणं थांबवलं. पट्टशिष्याच्या तोंडचं पाणी पळालं होतं, पण तो हसला. "बाई, मी आपलं सहज. सुचलं म्हणून."

"तुला? तीन पुस्तकं लिहिलीस आणि एक सूर स्वतःचा कधी सुचला नाही तुला. माझ्या पुस्तकातली वाक्यंसुद्धा तशीच उचललीस. आज एकदम सुचलं, आणि तेही नेमकं चिमणीचं?" त्यांनी खोका त्याच्यासमोर सरकवला. "यात कोरी टेप आहे. लाल पट्टी बाहेर ठेवून गुंडाळलेली. मास्तरांनी तुला चांगलं शिकवलं. माझी टेप कुठे आहे?"

त्याने खोका न उघडता परत सरकवला.

"गाडीत," तो शेवटी म्हणाला. मग त्याचा आवाज चढला. "मी काय चूक केलं? ते शिखर आहे हे मी तुमच्याच पुस्तकातून शिकलो. त्यावर आयुष्य उभं केलं. आणि आता तुम्हीच उठून म्हणणार की ते त्याचं नव्हतंच? मी पोरांना काय सांगू?"

"सांग की बाई चुकल्या. मी चुकले, तर मीच खोडणार. तुझ्यासारखी पुरावा पळवणार नाही." बाई टेबलावरून पुढे झुकल्या. "पुसली नाहीस ना?"

"पुसायला बसलो होतो," तो खाली बघत म्हणाला. "हात धजला नाही."

"तेवढं तरी शिकलास. जा, घेऊन ये."

टेप आली. लागली. बादशहाचा आवाज खोलीत आला, 'नाव माझंच राहील' म्हणाला, आणि मागोमाग तो ट्रम्पेट. धाकट्या बादशहांनी हाताची घडी सोडली. वडिलांचा आवाज त्यांनी फार वर्षांनी ऐकला होता, आणि नेमकं हे वाक्य ऐकलं होतं. कुणी त्यांच्याकडे पाहिलं नाही.

सगळ्यात आधी बोलला तो प्रकाशक. "खरं आहे. कबूल. पण बाई, व्यवहार बघायला हवा. प्रकरणाऐवजी तळटीप करू. 'काहींच्या मते' वगैरे."

"तळटीपसुद्धा चालणार नाही," धाकटे बादशहा म्हणाले. आवाज बसला होता. "मी कोर्टात जाईन."

"जरूर जा. तिथे ही टेप वाजवावी लागेल. न्यायाधीशांना चांगलं संगीत ऐकायला मिळेल." बाईंनी टेप काढली, पिशवीत घातली, वर हस्तलिखितही घातलं. "एवढी वर्षं ती तळटीपसुद्धा नव्हती. आता ती तळाला जाणार नाही. प्रकरण छापायचं असेल तर पुस्तक तुमचं. नाहीतर मी दारोदार वाचून दाखवीन."

जिन्यात प्रकाशक धापा टाकत मागून आला. "छापतो. पण जबाबदारी सगळी तुमची."

"आजवर कुणाची होती?" बाई म्हणाल्या आणि उतरायला लागल्या.

५

चिमणी अजून होती, मुलाकडे राहायची. सूनबाईंनी दार उघडलं. सासूबाई खिडकीशी बसून वाटाणे सोलत होत्या. बाई याआधीही इथे पुष्कळदा आल्या होत्या आणि दरवेळी टेप न ऐकवताच परत गेल्या होत्या. "कोण ऐकणार आता, जाऊ दे गं," एवढं बोलून म्हातारी विषय बदलायची.

या वेळी बाईंनी तिला सगळं सांगितलं. चोरी, पट्टशिष्य, कोर्टाची धमकी.

"भांडण होईल. तुम्ही नको म्हणालात तर प्रकरण काढते. तुमच्यासाठी लिहिलंय, तुमच्या डोक्यावर लादायला नाही. पण नको म्हणायचं तर ऐकून म्हणा. एकदाच."

चिमणीने वाटाण्यांची परात बाजूला सारली. ते तिचं 'हो' होतं.

पुतणीने यंत्र लावलं. ट्रम्पेट सुरू झाला आणि मांडीवर ठेवलेल्या त्या सुरकुतलेल्या हाताची तीन बोटं आपोआप हलायला लागली, एकेक चावी दाबल्यासारखी. सूनबाई स्वयंपाकघरातून बाहेर आल्या आणि दारातच थबकल्या. आपल्या सासूला काही वाजवता येतं हे त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं.

सूर घोटाळला, अडखळला, तीन पायऱ्या घसरला.

"थांबव," चिमणी म्हणाली.

पुतणीने बटण दाबलं.

"इथे चुकले मी. वर जायचं होतं. श्वास पुरला नाही आणि घसरले. रेकॉर्डच्या वेळी नीट घेतलं मग."

नव्या पुस्तकात त्या घसरणीच्या धाडसावर बाईंनी दोन पानं लिहिली होती. इतकी वर्षं संगीतावर लिहून, दम संपणं आणि धाडस यांतला फरक त्यांना कळला नव्हता. त्यांना हसू आलं आणि ते आवरेना.

"मग ती दोन पानं काढते," त्या डोळे पुसत म्हणाल्या. "तेवढा भाग टेपवर कुणाला ऐकवणारही नाही."

"का काढतेस?" चिमणी ताठ बसली. तिचा आवाज एकदम चढला, इतका की सूनबाई दचकल्या. "चुकले ती मी होते. आणि वर चढले ती पण मीच होते. दोन्ही छाप."